टी पेशींना संयम शिकवणारी थायमस

२०२५ चं वैद्यकशास्त्राचं नोबेल मेरी ब्रंकॉव, फ्रेड रॅम्सडेल आणि शिमोन साकागुची या तिघांना मिळालं. प्रतिकारशक्तीला आवर घालणाऱ्या पेशींबद्दलच्या संशोधनासाठी हा पुरस्कार असल्याचं बातम्यांत आलं आणि अनेक वाचक तिथेच अडखळले. प्रतिकारशक्ती वाढवायची असते, हे आपण लहानपणापासून ऐकत आलोय. जाहिरातीही तेच सांगतात. मग ती आवरायची कशासाठी, आणि आवरणाऱ्या पेशींचं एवढं कौतुक का?

या प्रश्नाचं उत्तर छातीच्या मधल्या हाडामागे दडलेल्या एका लहान ग्रंथीपाशी सुरू होतं. तिचं नाव थायमस. ती नीट समजून घेतली तर नोबेलची बातमी आपोआप उलगडते. शिवाय प्रतिकारशक्तीबद्दलची आपली एक मोठी गैरसमजूतही दूर होते. जंतूंशी लढणं हे या यंत्रणेचं अर्धंच काम आहे. कोणाशी लढायचं नाही हे ओळखणं हे उरलेलं अर्धं काम, आणि त्याचं शिक्षण बहुतांशी थायमसमध्ये होतं.

थायमस म्हणजे थायरॉइड नव्हे

नावं जवळची असल्याने या दोन ग्रंथींची नेहमी गल्लत होते. थायरॉइड गळ्यात असते आणि तिचे हार्मोन शरीराच्या चयापचयाचा वेग ठरवतात. थायमस तिच्या खाली, छातीत, हृदयाच्या वरच्या भागासमोर असते. ती मऊ असते, दोन पाळ्यांची असते. जन्माच्या वेळी तिचं वजन साधारण १० ते १५ ग्रॅम भरतं, वयात येईपर्यंत ते ३० ते ४० ग्रॅमपर्यंत जातं आणि पुढे ग्रंथी आटत जाऊन तिची जागा चरबी घेते. जुन्या मराठी पुस्तकांत यौवनलोपी ग्रंथी या नावाने भेटते ती हीच.

तान्ह्या बाळाच्या छातीच्या एक्स-रेमध्ये हृदयाच्या वर एक रुंद सावली दिसते. ती बहुतेक वेळा थायमसचीच असते आणि तशी असण्यात काहीही वावगं नाही. हे आत्ताच सांगून ठेवलेलं बरं, कारण ही सावली न समजल्यामुळे गेल्या शतकात हजारो मुलांचं नुकसान झालं. त्याबद्दल पुढे येईलच.

टी पेशी काय करतात?

रक्तातल्या पांढऱ्या पेशींचा एक प्रकार म्हणजे लिम्फोसाइट. त्यांचे दोन मोठे गट आहेत. बी पेशी प्रतिपिंडं तयार करतात, म्हणजे जंतूंना जाऊन चिकटणारी प्रथिनं. टी पेशींपैकी काही, विषाणू शिरलेल्या किंवा कर्करोगाच्या वाटेला लागलेल्या पेशींना थेट मारतात. काही टी पेशी मदतनीस असतात. त्या स्वतः मारत नाहीत, पण बी पेशींसकट इतरांना कामाला लावतात. एचआयव्हीचा विषाणू नेमका या मदतनीस पेशींवर घाला घालतो. त्यांची संख्या फार घटली की एरवी निरोगी माणसाला काहीच न करणारे जंतूही जिवावर उठतात.

या सगळ्या पेशींचा उगम हाडांतल्या मज्जेत होतो. मात्र ज्यांना टी पेशी व्हायचं असतं त्या अर्धवट अवस्थेतच तिथून निघतात आणि रक्तावाटे थायमसमध्ये येतात. पुढची सगळी घडण इथे होते.

शत्रू माहीत नसताना तयारी कशी करायची?

उद्या कुठला विषाणू अंगात शिरेल हे शरीराला माहीत नसतं. प्रत्येक जंतूसाठी वेगळं जनुक राखून ठेवावं म्हटलं तर तेवढी जागाच नाही, कारण प्रथिनं बनवणारी माणसाची जनुकं सारी मिळून २०,००० च्या आसपास आहेत. तेव्हा शरीर एक धाडसी मार्ग धरतं.

टी पेशीच्या पृष्ठभागावर समोरची गोष्ट ओळखणारं एक प्रथिन असतं. त्याला रिसेप्टर म्हणतात. या रिसेप्टरचं जनुक सुट्या तुकड्यांत मिळतं. थायमसमध्ये आलेली प्रत्येक पेशी हे तुकडे स्वतः कापते आणि हाताला येतील तसे जोडते. सांध्यांच्या जागी थोडी भर घालते, थोडं काढून टाकते. त्यामुळे जवळजवळ प्रत्येक पेशीचा रिसेप्टर निराळा होतो आणि एकाच माणसाच्या शरीरात कोट्यवधी प्रकारचे रिसेप्टर तयार होतात. आज अस्तित्वातही नसलेल्या विषाणूला ओळखेल असा एखादा रिसेप्टर त्यांत निघण्याची शक्यता चांगलीच असते.

पण या पद्धतीत एक मोठी जोखीम आहे. असे अंदाधुंद बनलेले बरेचसे रिसेप्टर कशालाच चिकटत नाहीत, म्हणजे निरुपयोगी. आणि काही नेमके आपल्याच शरीराला चिकटतात. कुणी स्वादुपिंडाला, कुणी कातडीला, कुणी मज्जातंतूंच्या आवरणाला. नव्या विषाणूला ओळखणारा रिसेप्टर आणि स्वतःच्या शरीरावर उठणारा रिसेप्टर एकाच प्रक्रियेतून जन्माला येतात, त्यामुळे पहिला हवा असेल तर दुसराही तयार होणारच. म्हणून तयार झालेल्या पेशी पारखून घ्याव्या लागतात. थायमस ही पारख करते.

दोन परीक्षा

समजा एका मोठ्या वसाहतीसाठी पहारेकरी नेमायचे आहेत. वसाहतीचा नियम असा, की प्रत्येक घराने आपल्या आत जे काही आहे त्याचे नमुने खिडकीतल्या फळीवर मांडून ठेवायचे. पहारेकऱ्याने कोणाच्याही घरात शिरायचं नाही. फळी पाहायची, ओळखीच्या वस्तू असतील तर पुढे जायचं, भलतंच काही दिसलं तर कारवाई करायची.

शरीरात अशी फळी खरोखरच असते. जवळजवळ प्रत्येक पेशी आपल्या आतल्या प्रथिनांचे बारीक तुकडे एमएचसी नावाच्या प्रथिनावर ठेवून बाहेरच्या बाजूला दाखवत राहते. विषाणू आत शिरला असेल तर त्याचेही तुकडे तिथे येतात. टी पेशी सुटा विषाणू ओळखत नाही, या फळीवर मांडलेला तुकडाच ओळखते. पीटर डोहर्टी आणि रोल्फ झिंकरनागल यांनी १९७० च्या दशकात हे दाखवून दिलं आणि १९९६ मध्ये त्यांना त्यासाठी नोबेल मिळालं.

आता परीक्षा. पहिली थायमसच्या बाहेरच्या थरात होते. उमेदवाराला फळी वाचता येते का, एवढंच तिथे पाहतात. ज्या पेशीचा रिसेप्टर आपल्या शरीराच्या एमएचसीला जराही धरत नाही तिला जगण्याचा संकेत मिळत नाही आणि ती काही दिवसांत मरते. बहुतेक पेशी इथेच गळतात.

दुसरी परीक्षा ग्रंथीच्या गाभ्यात होते आणि ती जास्त नाजूक असते. फळीवर घरच्याच वस्तू मांडलेल्या असताना हा उमेदवार अंगावर धावून जातो का? शरीराच्या स्वतःच्या तुकड्याला जी पेशी फार घट्ट धरते तिला स्वतःला संपवण्याचा आदेश मिळतो. अशा पेशीचा मृत्यू शांतपणे होतो, आजूबाजूला दाह होत नाही, आणि शेजारच्या सफाई करणाऱ्या पेशी तिला गिळून टाकतात.

या दोन्हींतून सुखरूप बाहेर पडणाऱ्या पेशी १०० पैकी साधारण २ ते ५ असतात. बाकी सगळ्या थायमसमध्येच संपतात. सूक्ष्मदर्शकातून थायमस पाहणाऱ्या जुन्या शास्त्रज्ञांना तिथे मेलेल्या लिम्फोसाइटचा खच दिसे आणि ही ग्रंथी म्हणजे लिम्फोसाइटचं स्मशान असावं असं त्यांना वाटे.

स्वादुपिंडातल्या वस्तू छातीत कशा दिसतात?

इथे चौकस वाचकाच्या मनात शंका आलीच असेल. इन्सुलिन स्वादुपिंडात तयार होतं, थायमस तर छातीत आहे. मग इन्सुलिन पाहून चवताळणारा उमेदवार थायमसला कळणार कसा? ही शंका अगदी रास्त आहे. शास्त्रज्ञही बराच काळ तिच्यापाशी अडले होते.

उत्तर असं मिळालं, की थायमसच्या गाभ्यातल्या काही पेशी इतर अवयवांची हजारो प्रथिनं थोड्या थोड्या प्रमाणात स्वतःच बनवतात. त्यांत इन्सुलिन असतं, थायरॉइडची प्रथिनं असतात, डोळ्याची असतात. वसाहतीतल्या घराघरातली एकेक वस्तू आधीच परीक्षेच्या खोलीत आणून मांडावी, तसा हा प्रकार. मला विचाराल तर प्रतिकार यंत्रणेत याहून विलक्षण काही नाही. एरवी डोळ्याची पेशी डोळ्याचीच प्रथिनं बनवते आणि यकृताची पेशी यकृताची. शरीरात हा नियम सगळीकडे पाळला जातो, आणि थायमसच्या या मूठभर पेशी तो राजरोस मोडतात.

हे घडवून आणणाऱ्या एका प्रमुख जनुकाचं नाव आहे एआयआरई. १९९७ मध्ये एका दुर्मीळ आनुवंशिक आजाराचं मूळ शोधताना ते सापडलं. ज्यांच्यात हे जनुक बिघडलेलं असतं त्यांच्या टी पेशी लहान वयातच थायरॉइडलगतच्या पॅराथायरॉइड, मूत्रपिंडांवरच्या अधिवृक्क अशा ग्रंथींवर तुटून पडतात. फिनलंड आणि इटलीच्या सार्डिनिया बेटावर हा आजार तुलनेने जास्त आढळतो. पुढे २००२ मध्ये उंदरांत हे जनुक बंद करून पाहिलं. थायमसमधून इतर अवयवांची अनेक प्रथिनं नाहीशी झाली आणि उंदरांच्या टी पेशी त्यांच्याच अवयवांवर उलटल्या.

परीक्षेतून जे निसटतात त्यांचं काय?

कितीही कसून पारख केली तरी काही पेशी निसटतातच. पूर्णपणे निरोगी माणसाच्या रक्तातही स्वतःच्या शरीराला ओळखणाऱ्या टी पेशी सापडतात. तरीही बहुतेकांना स्वयंप्रतिकाराचा आजार, म्हणजे प्रतिकार यंत्रणेने आपल्याच शरीरावर हल्ला करण्याचा आजार, होत नाही. त्यांना बाहेर कोणीतरी आवरत असलं पाहिजे.

याचा धागा एका बुचकळ्यात टाकणाऱ्या प्रयोगात होता. जपानमध्ये १९६० च्या दशकाच्या शेवटी संशोधकांनी तीन दिवसांच्या उंदरांची थायमस काढली. प्रतिकारशक्ती दुबळी होईल अशी अपेक्षा होती. झालं भलतंच. उंदरांच्या बीजांडकोशांवर त्यांच्याच प्रतिकार यंत्रणेने हल्ला केला. शिमोन साकागुचींनी हा धागा उचलला. थायमस काढलेल्या अशा उंदरांना निरोगी उंदरांच्या टी पेशी टोचल्या तर आजार टळतो, हे त्यांनी दाखवलं. म्हणजे टी पेशींमध्येच एक गट असा आहे जो इतर टी पेशींना आवरतो. त्या काळी या कल्पनेवर फारसा कोणाचा विश्वास नव्हता, कारण आवर घालणाऱ्या पेशींबद्दलचे आधीचे काही दावे फोल ठरले होते. साकागुचींनी तरीही पाठपुरावा सोडला नाही आणि १९९५ मध्ये या पेशी नेमक्या कशा ओळखायच्या ते प्रसिद्ध केलं. त्यांना आज नियामक टी पेशी म्हणतात.

तीन दिवसांच्या उंदरांचं कोडंही सुटलं. उंदरांत हल्ला करणाऱ्या टी पेशी थायमसमधून आधी बाहेर पडतात आणि नियामक पेशी थोड्या उशिरा. तिसऱ्या दिवशी ग्रंथी काढली की पहिल्या मोकाट सुटलेल्या असतात आणि त्यांना आवरणाऱ्या अजून आलेल्याच नसतात.

ब्रंकॉव आणि रॅम्सडेल दुसऱ्या बाजूने तिथे पोहोचले. उंदरांच्या एका जातीत नर पिल्लं खवलेदार कातडी घेऊन जन्मत आणि काही आठवड्यांत दगावत. त्यांची प्रतिकार यंत्रणा त्यांचेच अवयव खात होती. २००१ मध्ये या दोघांनी त्यामागचं जनुक शोधलं, त्याचं नाव फॉक्सपी३. याच जनुकातल्या दोषामुळे मुलग्यांमध्ये एक जीवघेणा स्वयंप्रतिकाराचा आजार होतो, हेही स्पष्ट झालं. दोनच वर्षांत कळलं, की नियामक टी पेशी घडतात त्या याच जनुकामुळे.

आता दुसऱ्या परीक्षेकडे पुन्हा पाहू. शरीराच्या तुकड्याला फार घट्ट धरणारी पेशी मरते, हलकेच धरणारी पास होते. या दोहोंच्या मधल्या पट्ट्यात येणाऱ्या काही पेशींना थायमस मारत नाही. त्यांच्यात फॉक्सपी३ सुरू होतं आणि पहारेकऱ्यांवर नजर ठेवणारे म्हणून त्या बाहेर पडतात. काही नियामक पेशी शरीरात इतरत्रही घडतात, पण मोठा वाटा थायमसचा. नोबेलच्या बातमीत ‘आवर’ हा शब्द आला तो या पेशींमुळे.

इतकं महत्त्वाचं काम, मग डॉक्टरांना ते माहीत कसं नव्हतं?

कारण मोठ्या प्राण्याची थायमस काढली तर लगेच काहीच होत नाही. तयार झालेल्या टी पेशी आधीच शरीरभर पसरलेल्या असतात आणि त्या दीर्घकाळ जगतात. त्यामुळे ग्रंथी काढून परिणाम पाहण्याचे प्रयोग वर्षानुवर्षं रिकाम्या हाताने संपत होते.

जॅक मिलर हे तरुण संशोधक १९६१ च्या सुमारास लंडनमध्ये उंदरांच्या रक्ताच्या कर्करोगावर काम करत होते. एका विषाणूमुळे होणारा हा कर्करोग थायमसमध्ये सुरू होत असे. तो विषाणू ग्रंथीबाहेर वाढतो का, हे पाहण्यासाठी त्यांनी नुकत्याच जन्मलेल्या पिल्लांची थायमस काढली. पिल्लं आधी ठीक होती. आईचं दूध सुटल्यावर मात्र ती खंगू लागली आणि संसर्गाने मरू लागली. त्यांच्या रक्तात लिम्फोसाइट फार कमी होत्या. मिलर यांनी या उंदरांवर दुसऱ्या जातीच्या उंदरांच्या कातडीचे तुकडे बसवले. एरवी शरीर अशी परकी कातडी काही दिवसांत झिडकारतं. इथे ती रुजली आणि तिच्यावर केसही आले. उंदरांना परकं आणि आपलं यातला फरकच कळत नव्हता.

तरीही सगळ्यांना ते लगेच पटलं नाही. पीटर मेडावार हे शरीर परक्या कातडीची कलमं का झिडकारतं याच्या अभ्यासातले सर्वांत मोठे नाव, १९६० चे नोबेलविजेते. थायमसमधल्या लिम्फोसाइट हा उत्क्रांतीतला एक बिनमहत्त्वाचा योगायोग असावा, असं मत त्यांनीही पुढे काही काळ मांडलं. आज माणसाच्या बहुतेक सगळ्या मोठ्या अवयवांचं काम कोणी शोधलं हे सांगणं कठीण आहे, कारण ते फार जुन्या काळी झालं. थायमस हा अपवाद. तिचं काम शोधणारा माणूस विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातला आहे. मिलर आणि बी पेशींचा वेगळा उगम दाखवणारे मॅक्स कूपर यांना २०१९ मध्ये वैद्यकातला मानाचा लास्कर पुरस्कार मिळाला.

अज्ञानाची किंमत मात्र त्याआधीच मोजली गेली होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस डॉक्टर अचानक दगावलेल्या बाळांचं शवविच्छेदन करत तेव्हा त्यांना थायमस मोठी दिसे. तिनेच श्वासनलिका दाबली असावी, असा तर्क रूढ झाला. मोठी म्हणजे कशाच्या तुलनेत? शरीरशास्त्राच्या अभ्यासासाठी मिळणारे मृतदेह बहुधा गरिबांचे असत, उपासमारीने किंवा लांबलेल्या आजारपणाने गेलेल्यांचे. उपासमार, ताप आणि ताण यांनी थायमस झपाट्याने आक्रसते. ती आक्रसलेली ग्रंथी पुस्तकांत ‘सामान्य’ म्हणून नोंदली गेली आणि निरोगी बाळाची खरीखुरी ग्रंथी रोगट ठरली.

मग उपाय सुरू झाले. १९०७ पासून बाळांच्या छातीवर क्ष-किरणांचा मारा करून थायमस लहान करण्याची पद्धत आली आणि काही ठिकाणी तर ती निव्वळ खबरदारी म्हणून निरोगी बाळांवरही वापरली गेली. ग्रंथी खरोखर लहान होत असे, त्यामुळे उपाय लागू पडल्यासारखा वाटे. १९५० मध्ये न्यूयॉर्कच्या डॉक्टरांच्या लक्षात आलं, की थायरॉइडचा कर्करोग झालेल्या त्यांच्या बालरुग्णांपैकी बऱ्याच जणांना तान्हेपणी असे किरण दिले होते. पुढे या मुलांचा अनेक दशकं पाठपुरावा झाला आणि मुलींमध्ये मोठेपणी स्तनांच्या कर्करोगाचं प्रमाणही वाढलेलं दिसलं. ज्या आजारासाठी हे सगळं केलं तो आजार मुळात नव्हताच. यात कोणाचा दुष्ट हेतू नव्हता हे खरं, पण हा प्रकार वैद्यकाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला सविस्तर शिकवला पाहिजे असं मला मनापासून वाटतं.

मोठेपणी ती आटतेच, मग तिचं काय एवढं?

हा आक्षेप सर्वांत जास्त ऐकू येतो आणि तो निराधार नाही. थायमसमधला प्रत्यक्ष काम करणारा भाग जन्मानंतर पहिल्या वर्षापासूनच हळूहळू घटू लागतो. वयात येताना लैंगिक हार्मोनमुळे ही घट वाढते. पन्नाशी-साठीपर्यंत ग्रंथीचा बराचसा भाग चरबीचा झालेला असतो. मोठ्या माणसात टी पेशींची संख्या टिकते ती मुख्यतः जुन्या पेशींच्या विभाजनाने.

पण विभाजनाने संख्या वाढते, प्रकार वाढत नाहीत. नवा रिसेप्टर घेऊन येणारी पेशी फक्त थायमसमधून मिळते. वय वाढतं तसं कधीही न भेटलेल्या विषाणूला ओळखणाऱ्या ताज्या टी पेशी कमी होतात. वृद्धांना नवे संसर्ग जास्त छळतात आणि लशींचा परिणाम त्यांच्यात कमी होतो, त्यामागच्या कारणांपैकी हे एक. केमोथेरपीनंतर मुलांच्या मदतनीस टी पेशी मोठ्यांपेक्षा लवकर भरून येतात, तेही त्यांच्या थायमसच्या बळावर.

मोठ्यांच्या आटलेल्या ग्रंथीतही काही जीव उरतो का, याचा मोठा पुरावा २०२३ मध्ये अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलच्या अभ्यासातून आला. छातीच्या शस्त्रक्रियेत थायमस काढलेले १,१४६ प्रौढ आणि तशाच शस्त्रक्रिया होऊनही थायमस शाबूत असलेले तितकेच प्रौढ यांची तुलना त्यात होती. पाच वर्षांनी पाहिलं तर ग्रंथी काढलेल्यांत ८.१ टक्के लोक मरण पावले होते, दुसऱ्या गटात २.८ टक्के. कर्करोगाचं प्रमाण ७.४ टक्के विरुद्ध ३.७ टक्के होतं.

हे आकडे वाचून घाबरण्याआधी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. हा अभ्यास जुन्या नोंदींवर आधारलेला आहे. कोणाची ग्रंथी काढायची हे चिठ्ठ्या टाकून ठरवलं नव्हतं, म्हणून दोन्ही गटांत आधीपासूनच काही फरक असण्याची शक्यता पूर्णपणे नाकारता येत नाही. पण ग्रंथी काढलेल्यांच्या शरीरात नव्या टी पेशी कमी बनत असल्याचंही त्याच संशोधकांना दिसलं. मोठ्यांची थायमस म्हणजे निव्वळ चरबीचा गोळा, हे म्हणणं आता टिकत नाही.

जन्मतःच थायमस नसेल तर?

काही बाळांमध्ये ही ग्रंथी तयारच होत नाही. बऱ्याचदा त्यामागे २२ व्या गुणसूत्राचा एक छोटा तुकडा गहाळ असतो. त्या आजाराला डायजॉर्ज सिंड्रोम म्हणतात. तो असलेल्या बहुतेक मुलांत थायमस लहान का होईना, पण असते. अजिबात नसण्याचं प्रमाण फार थोडं. अशा बाळाला साधा संसर्गही जीवघेणा ठरतो आणि जिवंत जंतूंची लसही देता येत नाही.

हे लवकर ओळखण्याची एक हुशार चाचणी आहे. रिसेप्टरचं जनुक जोडताना पेशी जे तुकडे कापून टाकते त्यांची टोकं जुळून छोटी वर्तुळं होतात आणि ती पेशीत राहतात. नवजात बाळाच्या टाचेतून घेतलेल्या रक्ताच्या थेंबात ही वर्तुळं मोजली, की त्याच्या शरीरात नव्या टी पेशी बनताहेत का ते कळतं. अमेरिकेच्या विस्कॉन्सिन राज्याने २००८ मध्ये सर्व नवजात बाळांसाठी ही चाचणी सुरू केली.

उपचारही आता आहे. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने ऑक्टोबर २०२१ मध्ये रेथिमिक नावाच्या थायमसच्या ऊतीला मान्यता दिली. ती दुसऱ्या बाळांच्या थायमसपासून वाढवतात आणि रुग्ण बाळाच्या मांडीच्या स्नायूत बसवतात. तिथे सहा महिने ते वर्षभरात टी पेशी घडू लागतात. ही ऊती मिळते कुठून? बाळांच्या हृदयाच्या शस्त्रक्रियेत हृदयापर्यंत पोहोचण्यासाठी थायमस काढावी लागते, ती एरवी टाकून दिली जाते.

टिचक्या मारून किंवा गोळ्या घेऊन ती पुन्हा वाढते का?

छातीच्या मध्यभागी बोटांनी टिचक्या मारल्या की थायमस जागी होते आणि प्रतिकारशक्ती वाढते, असे संदेश सतत फिरतात. याला कसलाही शास्त्रीय आधार नाही. ग्रंथी हाडामागे असते, आणि टिचक्यांना प्रतिसाद देणारी कुठलीही व्यवस्था तिच्यात नाही. थायमसचा अर्क म्हणून विकल्या जाणाऱ्या गोळ्यांनीही आटलेली ग्रंथी परत येत नाही. ज्या गोष्टींनी ती आक्रसते त्या मात्र ठाऊक आहेत: कुपोषण, गंभीर संसर्ग, दीर्घकाळ घेतलेली स्टेरॉइडं. कुपोषित मुलाला पुरेसा आहार मिळू लागला की त्याची थायमस पुन्हा भरते, हे सिद्ध झालेलं आहे. (डॉक्टरांनी दिलेली स्टेरॉइडं यावरून स्वतःहून बंद करू नयेत. ती अचानक थांबवणं धोक्याचं असतं.)

प्रयोगशाळेतलं चित्र आशादायक आहे. २०१४ मध्ये एडिनबर्ग विद्यापीठातल्या संशोधकांनी म्हाताऱ्या उंदरांत फॉक्सएन१ हे एकच जनुक जास्त चालवून आटलेली थायमस पुन्हा वाढवली. माणसांत वृद्धीचं हार्मोन देऊन पाहण्याचे प्रयत्न झाले आहेत, पण ते अगदी थोड्या लोकांवर, आणि त्यांतले काही तर तुलनेचा गट न ठेवता. त्यांवरून कोणी उपचार विकत असेल तर तो घेऊ नये. शिवाय जुनाट ग्रंथी नुसती फुगवून भागणार नाही. दुसरी परीक्षा नीट घेतली गेली नाही तर स्वतःवर उलटणाऱ्या पेशींचीच भर पडेल.

शस्त्रक्रियेत थायमस काढावी लागणार असेल तर?

कधी कधी ती काढणंच हिताचं असतं. थायमसमध्ये गाठ झाली असेल तर ती काढावीच लागते. मायस्थेनिया ग्रॅव्हिस या आजारात नसांकडून स्नायूंकडे जाणारा संदेश प्रतिपिंडांमुळे अडतो, पापण्या जड होतात, गिळायला त्रास होतो, आणि अनेकांच्या थायमसमध्ये बिघाड आढळतो. १२६ रुग्णांवर झालेल्या आणि २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत ग्रंथी काढलेल्यांची ताकद जास्त सुधारली आणि त्यांना औषधं कमी लागली. असा सल्ला मिळालेल्या रुग्णाने २०२३ च्या अभ्यासातले मृत्यूचे आकडे वाचून शस्त्रक्रिया टाळू नये.

हृदयाच्या शस्त्रक्रियेची गोष्ट थोडी वेगळी. तिथे थायमस बहुधा वाटेत येते म्हणून काढली जाते. माणसाच्या बाळात टी पेशी जन्माआधीच शरीरात पोहोचलेल्या असतात, त्यामुळे मिलर यांच्या उंदरांसारखी त्याची अवस्था होत नाही आणि बहुतेक मुलं चांगली वाढतात. तरी अशा मुलांच्या रक्तात पुढे ताज्या टी पेशी कमी आढळतात. बाळाचं हृदय वाचवणं अर्थातच आधी. पण शस्त्रक्रियेपूर्वी डॉक्टरांना दोन गोष्टी जरूर विचाराव्यात. थायमस पूर्ण काढावी लागेल, की तिचा काही भाग जागेवर ठेवता येईल? मागे ठेवलेला तुकडा काही मुलांत पुन्हा वाढल्याच्या नोंदी आहेत. आणि ती काढली गेलीच, तर तसं मुलाच्या कागदपत्रांत स्पष्ट लिहून मिळेल का, म्हणजे पुढे कुठल्याही डॉक्टरकडे जाताना ते दाखवता येईल.